बिअर्डमोर हिमनदी : नावात जामीनदार, पोटात गोंडवन

अंटार्क्टिकाचा नकाशा उघडला की खंडाच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत गेलेली डोंगरांची एक लांबच लांब रांग दिसते. ट्रान्सअंटार्क्टिक पर्वत हे तिचे नाव. लांबी सुमारे ३,५०० किलोमीटर, म्हणजे हिमालयाहूनही जास्त. या रांगेच्या एका अंगाला पूर्व अंटार्क्टिकाचे पठार आहे. त्यावर सरासरी दोन किलोमीटरहून जाड बर्फ साचला आहे आणि दक्षिण ध्रुव याच पठारावर, समुद्रसपाटीपासून सुमारे २,८०० मीटर उंचीवर आहे. दुसऱ्या अंगाला रॉस समुद्र आणि त्यावर तरंगणारी रॉस आइस शेल्फ. महाराष्ट्राच्या दीडपट क्षेत्रफळ असलेली ही बर्फाची सपाट लादी.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ध्रुवाकडे निघालेली माणसे जहाजाने या भागात येत. पुढे सपाटीवरून काहीशे किलोमीटर चालणे कष्टाचे होते, पण वाट सरळ होती. खरी अडचण त्यानंतर सुरू होई. डोंगरांची ही रांग ओलांडून पठारावर चढायचे कुठून?

वाट बर्फानेच करून ठेवली होती. पठारावरचा बर्फ स्वतःच्या वजनाने चहूकडे पसरत असतो. डोंगरांशी तो अडतो, आणि जिथे खोल दरी सापडते तिथून खाली वाहू लागतो. अशा अनेक हिमनद्या ही रांग भेदून रॉस आइस शेल्फकडे उतरतात. त्यांतल्या सर्वांत मोठ्यांपैकी एक म्हणजे बिअर्डमोर. ध्रुवाच्या दिशेने निघालेली माणसे पहिल्यांदा पठारावर चढली ती हिच्यावरून. तिला नाव मिळाले ते एका कर्जाच्या हमीमुळे. आणि तिच्या माथ्यावरून आणलेल्या दगडांचे नाते निघाले ते थेट नागपूर-चंद्रपूरच्या कोळशाशी. नावाची कहाणी आणि दगडांची कहाणी शेजारी ठेवून पाहिल्या की नकाशावरचे नाव आणि त्या भूमीची खरी ओळख किती वेगळ्या असू शकतात हे कळते.

दोनशे किलोमीटरचा उतार

बिअर्डमोरचे मुख साधारण साडेत्र्याऐंशी अंश दक्षिण अक्षांशावर आहे आणि माथा पंचाऐंशी अंशांच्या आसपास. लांबी सुमारे २०० किलोमीटर, काही ठिकाणी रुंदी ४० किलोमीटरपर्यंत. आपल्याकडचे सियाचीन सुमारे ७६ किलोमीटर लांब आहे, त्यावरून अंदाज यावा. हिमनदीच्या पश्चिमेला क्वीन अलेक्झांड्रा रांग आहे. संपूर्ण ट्रान्सअंटार्क्टिक पर्वतातले सर्वोच्च शिखर, ४,५२८ मीटरचे माउंट कर्कपॅट्रिक, याच रांगेत आहे. पूर्वेला कॉमनवेल्थ रांग. माथ्याजवळ डोमिनियन रांग आडवी येते आणि तिच्या बाजूने आलेली मिल हिमनदी बिअर्डमोरला मिळते.

वरून खालपर्यंत उतार सुमारे २,२०० मीटरचा. दोनशे किलोमीटरवर तो वाटला तर किलोमीटरमागे सरासरी अकराच मीटर येतो. घसरगाडी ओढत माणसे ही हिमनदी चढू शकली त्याचे मुख्य कारण हा सौम्य उतार. मात्र ‘सरासरी’ हा शब्द इथे फसवा आहे. माथ्याजवळ बर्फाखालचा खडक पायऱ्यापायऱ्यांनी खाली येतो. तिथे बर्फ फाटतो, दुभंगतो, त्याचे सुळके उभे राहतात. या फुटक्या पट्ट्याला आज शॅकलटन आइसफॉल्स म्हणतात.

बाहेरून अचल दिसत असली तरी हिमनदी वाहत असते. दाबाखाली बर्फाचे स्फटिक हळूहळू आकार बदलतात आणि तळाशी सारा पुंज खडकावरून सरकतो. मुखाजवळ बिअर्डमोरचा वेग वर्षाला साधारण साडेतीनशे मीटर, म्हणजे दिवसाला सुमारे एक मीटर आहे. मधला बर्फ भरभर पुढे जातो, काठचा बर्फ दरीच्या भिंतींना घासून मागे राहतो. या ओढाताणीत बर्फाला भेगा पडतात. काही भेगा उघड्या असतात, काहींवर वाऱ्याने आणलेल्या हिमाचे पातळ झाकण बसते. वरून पाहणाऱ्याला सपाट पांढरी जमीन दिसते, आणि पाय ठेवला की झाकण खचते.

पृष्ठभागही सगळीकडे सारखा नाही. पठारावरची थंड, जड हवा उताराने खाली लोटते. हा उतारवारा पडलेले हिम उडवून नेतो आणि खालचा जुना, दाबलेला निळा बर्फ उघडा पडतो. तो इतका कठीण असतो की बुटांना लोखंडी दाते लावल्याशिवाय उभे राहता येत नाही. खालच्या भागात मात्र हिम साचून गुडघाभर रुतायला होते. दरीच्या कडेला हिमनदीने वाहून आणलेल्या दगडगोट्यांचे लांब ढीग, म्हणजे हिमोढ, पसरलेले असतात. एरवी अंटार्क्टिकाचा बहुतेक खडक बर्फाखाली गाडलेला आहे. म्हणून भूशास्त्रज्ञाला हे हिमोढ आणि दरीच्या उघड्या भिंती फार मोलाच्या वाटतात.

मुखाशी आल्यावर हिमनदी संपत नाही. तिचा बर्फ रॉस आइस शेल्फमध्ये मिसळतो, तरंगत समुद्राकडे सरकत राहतो आणि शेवटी हिमनग होऊन सुटतो. ज्या ठिकाणी ती शेल्फला भिडते तिथे बर्फ फार चेपला आणि फुटला आहे. तो भाग टाळून आत शिरायला डोंगरांमध्ये एक खिंड आहे. तिला गेटवे म्हणतात.

डिसेंबर १९०८

ही खिंड सापडली ३ डिसेंबर १९०८ रोजी. ब्रिटिश निमरॉड मोहिमेचा नेता अर्नेस्ट शॅकलटन आणि त्याचे साथीदार फ्रँक वाइल्ड, एरिक मार्शल व जेमसन अ‍ॅडम्स २९ ऑक्टोबरला केप रॉइड्सच्या तळावरून निघाले होते. सोबत चार तट्टू होते. एकेक तट्टू थकले की ते मारायचे, काही मांस खायचे, काही परतीच्या वाटेवर पुरून ठेवायचे, असा बेत होता. तीन तट्टू असे संपले. उरला एकटा सॉक्स. वाटेत डोंगर आडवे आल्यावर चौघे एका तांबूस ग्रॅनाइटच्या टेकडीवर चढले. माथ्यावरून त्यांना दक्षिणेकडे, दोन पर्वतरांगांच्या मधून वर चढत गेलेला बर्फाचा रुंद रस्ता दिसला. टेकडीला त्यांनी नाव दिले माउंट होप.

हिमनदीवर पाऊल ठेवल्यावर तिसऱ्या-चौथ्या दिवशीच तिने किंमत वसूल केली. ७ डिसेंबरला तिघे एक घसरगाडी ओढत पुढे चालले होते. मागून वाइल्ड सॉक्सला आणि दुसऱ्या घसरगाडीला घेऊन येत होता. पुढच्यांनी जिथून पाय टाकला त्याच हिमावर तट्टूचे वजन पडले आणि झाकण कोसळले. हाक ऐकून तिघे वळले, तेव्हा वाइल्ड भेगेच्या काठाला हातांनी लोंबकळत होता, घसरगाडीचा पुढचा भाग पोकळीवर झुकला होता आणि तट्टू दिसत नव्हते. साजाचा आडवा दांडा नेमका मोडला, म्हणून माणूस आणि गाडी वाचली. खाली डोकावल्यावर काळोखाशिवाय काही दिसले नाही. सॉक्सबरोबर त्याचे मांसही गेले. पुढे या चौघांनी त्याच्यासाठी आणलेला मका खाल्ला. ९ जानेवारी १९०९ रोजी ते ८८ अंश २३ मिनिटांवर पोहोचले आणि ध्रुव सुमारे १८० किलोमीटर राहिला असताना मागे फिरले. परतताना अन्न पुरेना, तेव्हा भेगेत गेलेले ते मांस त्यांना नक्कीच आठवले असेल.

नकाशा की खतावणी?

अंटार्क्टिकात मूळ रहिवासी नाहीत. हिमालयातल्या हिमनद्यांना मेंढपाळांनी, यात्रेकरूंनी, गावकऱ्यांनी दिलेली नावे आधीपासून होती. बिअर्डमोरच्या दरीत मात्र १९०८ पूर्वी कोणी आलेलेच नव्हते. तिथे येणारा पहिला माणूस जे म्हणेल ते नाव, आणि पहिला येणारा माणूस कर्जबाजारी होता.

निमरॉड मोहीम सरकारी नव्हती. शॅकलटनने ती उसनवारी, देणग्या आणि हमीपत्रांवर उभी केली होती. पुस्तक आणि व्याख्याने यांच्या कमाईतून पैसे फेडायचे असा हिशेब होता. मोहिमेआधी तो ग्लासगोचे पोलाद आणि जहाजबांधणीतले बडे कारखानदार सर विल्यम बिअर्डमोर यांच्याकडे नोकरीला होता. बिअर्डमोर यांनी ७,००० पौंडांच्या कर्जाला हमी दिली आणि मोहिमेचा पाया घातला गेला. शॅकलटनने पृथ्वीवरच्या तोवर पाहिलेल्या सर्वांत भव्य हिमनद्यांपैकी एकीला त्यांचे नाव देऊन या उपकाराची नोंद केली.

हे कळल्यावर आसपासची नावे वाचली की तो नकाशा दुकानातल्या खतावणीसारखा वाटू लागतो. कॉमनवेल्थ रांग कोणामुळे? ऑस्ट्रेलियाच्या कॉमनवेल्थ सरकारने ५,००० पौंड दिले होते. डोमिनियन रांग? न्यूझीलंड तेव्हा नुकतेच ‘डोमिनियन’ झाले होते आणि त्याच्या सरकारने १,००० पौंड दिले होते. माउंट बकली? न्यूझीलंडचे शेतकरी जॉर्ज बकली यांनी ५०० पौंड दिले. माउंट कर्कपॅट्रिक? ग्लासगोचे एक व्यापारी, मोहिमेचे सुरुवातीचे पाठीराखे. माउंट एलिझाबेथ? १,००० पौंड देणाऱ्या एलिझाबेथ डॉसन-लॅम्टन. राणी अलेक्झांड्राच्या नावाची रांग अर्थातच राजनिष्ठेच्या खात्यात. मिल हिमनदी ध्रुवीय संशोधनाचे इतिहासकार ह्यू रॉबर्ट मिल यांच्या नावाची आणि केल्टी हिमनदी रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीचे सचिव स्कॉट केल्टी यांच्या नावाची. दोघांचाही मोहिमांना आधार होता.

पैशाचा भाग नसलेली नावे थोडी आहेत आणि ती सहज लक्षात राहतात. क्लाउडमेकर हे शिखर वाटसरूंची ठळक खूण होते. त्याच्या माथ्यावर बहुधा ढग जमलेला दिसे, म्हणून ते नाव. गेटवेचे कारण वर आलेच आहे. आणि ज्या परिसरात सॉक्स गेला तिथून बिअर्डमोरला मिळणाऱ्या एका छोट्या हिमनदीला सॉक्स हिमनदी म्हणतात. पैसे देणाऱ्यांच्या या गर्दीत एका तट्टूलाही जागा मिळाली.

हा प्रकार एकट्या शॅकलटनचा नव्हता. १९११ मध्ये रोआल्ड अमुंडसेन ज्या हिमनदीने ध्रुवाकडे चढला तिला त्याने आक्सेल हाइबर्ग हे नाव दिले. हाइबर्ग हे नॉर्वेचे धनिक, अनेक ध्रुवीय मोहिमांना पैसे पुरवणारे. त्यांच्या नावाचे एक बेट आधीच उत्तर ध्रुवाकडे, कॅनडाच्या आर्क्टिक भागात होते. शेजारची दोन बेटे रिंगनेस या बिअर बनवणाऱ्या भावांच्या नावाची. एकाच पिढीत दोन्ही ध्रुव उद्योगपतींच्या नावांनी भरले.

भूगोलाच्या दृष्टीने मात्र या दोन हिमनद्यांमध्ये फार फरक आहे. आक्सेल हाइबर्ग सुमारे ४८ किलोमीटर लांब आणि अतिशय उभी. अमुंडसेनची कुत्री आणि स्कीवर सरावलेली माणसे ती चार दिवसांत चढून गेली. रॉबर्ट स्कॉटने त्याच वर्षी निवडला तो शॅकलटनचा माहीत असलेला, सौम्य पण लांब रस्ता. डिसेंबर १९११ च्या सुरुवातीला गेटवेजवळ अवेळी आलेल्या ओल्या हिमवादळाने स्कॉटची माणसे चार दिवस तंबूत अडकली. मग उरलेले तट्टू मारून बारा जण घसरगाड्या स्वतः ओढत हिमनदी चढू लागले. स्कॉटसह पाच जण १७ जानेवारी १९१२ रोजी ध्रुवावर पोहोचले, तेव्हा अमुंडसेनला पोहोचून महिना उलटला होता.

सोळा किलो दगड

परतीच्या वाटेवर ८ फेब्रुवारी १९१२ रोजी ही पाच माणसे माउंट बकलीच्या पायथ्याशी हिमोढाजवळ थांबली. अन्न कमी, अंगात ताकद नाही, पाचांतल्या एडगर इव्हान्सची तब्येत खालावलेली. तरीही डॉक्टर आणि निसर्गवैज्ञानिक एडवर्ड विल्सन दगड पाहत फिरला. इथे कोळसा आहे हे माहीत होते, कारण १९०८ मध्ये वाइल्डने याच डोंगरात कोळशाचे थर शोधले होते. त्यांतला एक सात-आठ फूट जाडीचा होता. विल्सनला कोळशाजवळच्या दगडांत पानांचे ठसे मिळाले. मग पाचांनी मिळून सुमारे १६ किलो नमुने घसरगाडीवर चढवले.

इव्हान्स १७ फेब्रुवारीला हिमनदीच्या पायथ्याशी वारला. बाकीचे चौघे पुढे शेल्फवर मरण पावले. १२ नोव्हेंबर १९१२ रोजी शोधपथकाला स्कॉटचा तंबू सापडला. त्यात स्कॉट, विल्सन आणि त्यांचा साथीदार बॉवर्स यांचे देह होते आणि जवळच ते दगड. शेवटपर्यंत त्यांनी ते टाकले नव्हते. त्या वजनामुळे वेळ गेला का, यावर पुढे बरीच चर्चा झाली. पण त्या दगडांत काय होते याबद्दल शंका उरली नाही. केंब्रिजचे वनस्पतिजीवाश्मतज्ज्ञ अल्बर्ट सीवर्ड यांनी ते तपासले आणि १९१४ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केला. पाने ग्लॉसोप्टेरिसची होती.

हे पान एकदा पाहिले की विसरत नाही. लांबट, जिभेच्या आकाराचे, मधोमध ठळक शीर आणि तिच्या दोन्ही बाजूंना जाळीसारख्या बारीक शिरा. गुळगुळीत शेलच्या दगडावर ते काळसर ठशात उमटते. कधी एकाच दगडावर अशी कितीतरी पाने एकावर एक पडलेली दिसतात, कारण ही झाडे हंगामात एकदम पाने गाळीत. झाड पर्मियन काळातले, आजपासून २५ कोटी वर्षांहून जुने. त्याचे जीवाश्म भारत, ऑस्ट्रेलिया, दक्षिण आफ्रिका आणि दक्षिण अमेरिका इथे सापडत होते. ज्याच्या बिया समुद्र पार करू शकत नाहीत असे झाड इतक्या दूरच्या भूखंडांवर कसे? हे खंड कधीकाळी एकत्र होते का? या कोड्यात अंटार्क्टिकाचा दुवा गहाळ होता. १९०४ मध्ये मेरी स्टोप्स या तरुण वनस्पतिजीवाश्मतज्ज्ञ बाईंनी खुद्द स्कॉटकडे अंटार्क्टिकाला नेण्याची मागणी केली होती. पुढे संततिनियमनाच्या चळवळीमुळे जग त्यांना ओळखू लागले. स्कॉटने त्यांना नेले नाही, पण जीवाश्म आणण्याचे आश्वासन दिले. ते त्याच्या मृत्यूनंतर पुरे झाले.

सीवर्ड यांनी बिअर्डमोरच्या पानांना जी जात लावली तिचे नाव ग्लॉसोप्टेरिस इंडिका. फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ ब्राँनियार यांनी १८२८ मध्ये ग्लॉसोप्टेरिसचे वर्णन केले तेव्हा त्यांच्यापुढे भारतातून गेलेले नमुने होते, त्यामुळे ‘इंडिका’.

कामठीचा खडक

इथे महाराष्ट्राचा संबंध येतो आणि तो ओढूनताणून आणलेला नाही. नागपूरला राहिलेले स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांना दगडांची आवड होती. नागपूरच्या परिसरात, कामठीच्या बाजूला त्यांनी वनस्पतींचे जीवाश्म गोळा केले. हा संग्रह इंग्लंडला गेला आणि चार्ल्स बनबरी यांनी १८६१ मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध केले. त्यात ग्लॉसोप्टेरिसची पाने होती. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज याच हिस्लॉप यांच्या नावाने आहे. या खडकांना भूशास्त्रात आजही ‘कामठी’ हेच नाव आहे.

अशा खडकांना एकत्रितपणे ‘गोंडवन’ किंवा ‘गोंडवाना’ म्हणायची सुरुवात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे हेन्री मेडलिकॉट यांनी १८७२ मध्ये केली आणि ओटोकार फाइस्टमँटेल यांनी १८७६ मध्ये ते छापील लेखनात आणले. गोंड राजांच्या मध्य भारतातल्या मुलखावरून हे नाव आले. त्याच नावावरून १८८५ मध्ये ऑस्ट्रियाचे भूशास्त्रज्ञ एडुआर्ड स्युस यांनी दक्षिणेकडच्या एकेकाळच्या महाखंडाला ‘गोंडवानालँड’ म्हटले. आज जगभरातल्या भूगोलाच्या पुस्तकांत तेच नाव आहे.

वर्धा खोऱ्यातला वणी-चंद्रपूर-बल्लारपूरचा कोळसा आणि बिअर्डमोरच्या माथ्याचा कोळसा, दोन्ही पर्मियन काळातले, दोन्ही ग्लॉसोप्टेरिसच्या दलदली जंगलांतून बनलेले. तेव्हा भारत आणि अंटार्क्टिका एकाच भूखंडाचे भाग होते. पुढे भूखंड फुटला. भारताचा तुकडा उत्तरेकडे सरकत जाऊन आशियाला भिडला. अंटार्क्टिका दक्षिण टोकाशीच राहिला आणि सुमारे साडेतीन कोटी वर्षांपूर्वी त्याच्यावर कायमचा बर्फ साचायला लागला. चंद्रपूरची गोंड राजधानी ज्या भागात उभी राहिली तिथल्या खडकाचा भाऊबंद आज ध्रुवापासून साडेपाचशे किलोमीटरवर बर्फातून डोके काढून उभा आहे.

आल्फ्रेड वेगेनर यांनी १९१२ मध्ये खंड सरकतात हा विचार मांडला, पण तो मान्य व्हायला अर्धे शतक लागले. त्यातही बिअर्डमोर परिसराने मोठा वाटा उचलला. डिसेंबर १९६७ मध्ये न्यूझीलंडचे भूशास्त्रज्ञ पीटर बॅरेट यांना ग्रॅफाइट पीक इथे एका उभयचराच्या जबड्याचा तुकडा सापडला. अंटार्क्टिकात मिळालेला जमिनीवरच्या कणाधारी प्राण्याचा तो पहिला जीवाश्म. दोन वर्षांनी एडविन कोलबर्ट यांच्या पथकाला कोलसॅक ब्लफवर लिस्ट्रोसॉरस मिळाला. हा प्राणी दक्षिण आफ्रिकेत आणि भारतात बंगालच्या दामोदर खोऱ्यातही सापडतो, आणि तो समुद्र पोहून आला असे म्हणायला कोणी धजले नाही. १९९०-९१ मध्ये माउंट कर्कपॅट्रिकच्या उतारावर, सुमारे ४,००० मीटर उंचीवर, डोक्यावर तुरा असलेला मांसाहारी डायनोसॉर मिळाला. १९९४ मध्ये त्याला क्रायोलोफोसॉरस हे नाव देण्यात आले. माउंट आकर्नार इथे तर पर्मियन जंगलातले बुंधे जागच्या जागी उभे सापडले. त्यांतली वाढीची वलये सांगतात की ही झाडे महिनोन्‌महिने चालणारी ध्रुवीय रात्र सोसत होती.

डोमिनियन रांगेत पुष्कळ अलीकडच्या काळातल्या एका ठेंगण्या झाडाच्या फांद्या आणि पाने सापडली. त्याचे नेमके वय किती यावर तज्ज्ञांचे अजून एकमत नाही. १९९६ मध्ये त्याचे नामकरण झाले नोथोफॅगस बिअर्डमोरेन्सिस. ग्लासगोच्या कारखानदाराचे नाव असे एका झाडालाही चिकटले.

आज नाव कोण देते?

१९५९ च्या अंटार्क्टिक कराराने त्या खंडावरचे सगळे प्रादेशिक दावे गोठवले. त्यामुळे कोणा एका सरकारला नावे ठरवण्याचा अधिकार नाही. प्रत्येक देशाची नामकरण समिती आपापली नावे नोंदवते आणि अंटार्क्टिक संशोधनाची आंतरराष्ट्रीय वैज्ञानिक समिती ती सगळी एका संयुक्त सूचीत लावते. परिणामी एकाच ठिकाणाला दोन-दोन, तीन-तीन नावे असणे सर्रास आहे. या सूचीतल्या नावांची संख्या प्रत्यक्ष ठिकाणांच्या जवळपास दुप्पट आहे.

अमेरिकेच्या समितीच्या धोरणात काही नावे चालणार नाहीत असे स्पष्ट लिहिले आहे. नात्यागोत्यामुळे किंवा मैत्रीमुळे सुचवलेली नावे, देणगीचा जाहिरातीसाठी वापर करणाऱ्यांची नावे, उत्पादनांची नावे, पाळीव जनावरांची नावे. हे वाचून बिअर्डमोर आठवल्याशिवाय राहत नाही. मोहिमेबरोबर त्यांच्याच ताब्यातल्या अ‍ॅरोल-जॉन्स्टन कंपनीची मोटार पाठवली होती. अंटार्क्टिकात उतरलेली ती पहिली मोटार. समुद्राच्या गोठलेल्या सपाटीवर ती धावली, मऊ हिमात रुतून बसली. आजच्या नियमांसमोर बिअर्डमोर यांचे नाव किती टिकले असते याची शंका आहे आणि सॉक्सचे तर नक्कीच टिकले नसते. जुनी नावे मात्र रूढ झाली म्हणून कायम राहिली.

भारताची या नकाशावरची सुरुवात गोव्याहून झाली. ६ डिसेंबर १९८१ रोजी डॉ. सय्यद झहूर कासिम यांच्या नेतृत्वाखाली पहिली भारतीय मोहीम गोव्याच्या किनाऱ्यावरून निघाली आणि ९ जानेवारी १९८२ रोजी अंटार्क्टिकावर उतरली. आज राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्र वास्को-द-गामा इथे आहे आणि भारताच्या ध्रुवीय मोहिमांचे सारे नियोजन तिथूनच होते. भारतीय तळ बिअर्डमोरपासून फार दूर, खंडाच्या हिंद महासागराकडच्या बाजूला आहेत. १९८९ पासूनचा मैत्री हा तळ शिर्माखर ओअॅसिसमध्ये आहे. हे नाव एका जर्मन वैमानिकाचे. तळाजवळच्या तळ्याला रशियन लोक झुब म्हणतात, भारतीय प्रियदर्शिनी. तिथल्याच बर्फाच्या एका जिभेला भारतीयांनी दक्षिण गंगोत्री हिमनदी असे नाव दिले. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने १९८३ पासून तिच्या टोकाची मोजणी केली आहे, ते टोक हळूहळू मागे सरकत आहे, आणि २००५ मध्ये हा भाग करारानुसार खास संरक्षित जाहीर झाला. या नावामागे कोणाची देणगी नाही, पण ती हिमनदी मोजली जाते, आणि हे जास्त महत्त्वाचे.

सर विल्यम बिअर्डमोर १९२१ मध्ये लॉर्ड झाले आणि १९३६ मध्ये वारले. आपल्या नावाची हिमनदी त्यांनी कधी पाहिली नाही. ग्लासगोच्या पार्कहेडमधली त्यांची भट्टी बंद पडली आणि त्या जागी आता खरेदी संकुल आहे. उपकाराची फेड म्हणून दिलेले नाव चालू द्यावे, ते बदलून कोणाचे भले होणार नाही. पण ती हिमनदी कोणाची, हे ठरवायचे असेल तर ते तिच्या माथ्यावरच्या पानांवरून ठरवावे. आपल्या शाळांत खंड सरकण्याचा धडा नेहमी दक्षिण अमेरिका आणि आफ्रिकेच्या जुळणाऱ्या किनाऱ्यांपासून सुरू होतो. नागपूर, चंद्रपूर, यवतमाळच्या शिक्षकांनी तो कामठीच्या खडकापासून सुरू करावा. मुलांना तो कळेलही लवकर आणि आपला वाटेलही जास्त.